हिमातील छायाचित्रे आणि अस्सल साधनाची कसोटी

इतिहासाच्या साधनांची पारख कशी करावी, याचा मराठीतील विचार धुळ्याला वगळून करता येत नाही. वि. का. राजवाडे यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’च्या पहिल्या खंडात, मागाहून रचलेल्या बखरींपेक्षा घटनेच्या काळातील अस्सल पत्रांना वरचे स्थान दिले, आणि त्यांच्या मृत्यूनंतर १९२७ साली धुळ्यात स्थापन झालेल्या राजवाडे संशोधन मंडळाने त्यांचा दप्तरसंग्रह सांभाळला. हरवलेल्या प्रवाशांच्या व गिर्यारोहकांच्या सामानातील छायाचित्रांनाही हीच कसोटी लावून पाहता येते, कारण छायाचित्र घटनेच्या क्षणीच उमटते आणि त्या अर्थाने ते अस्सल पत्राहूनही ताजे असते.

त्याच सुमारास, ११ जुलै १८९७ रोजी, आंद्रे, स्ट्रिंडबर्ग आणि फ्रेंकेल हे तीन स्वीडिश प्रवासी हायड्रोजनच्या फुग्यातून उत्तर ध्रुवाकडे निघाले. तीन दिवसांत फुगा बर्फावर टेकला, आणि तेथून ते गोठलेल्या समुद्रावरून जड गाड्या ओढत आठवडेच्या आठवडे चालत राहिले, ते पुढे कोणाला दिसले नाहीत. १९३० साली क्विटोया बेटावर त्यांचे अवशेष, रोजनिशा आणि न धुतलेल्या फिल्म सापडल्या. फिल्म धुणे म्हणजे तिच्यावरील सुप्त प्रतिमा रसायनांनी दृश्य करणे. तेहतीस वर्षे ओल आणि थंडी सोसलेल्या सुमारे २४० चित्रांपैकी ९३ चित्रे जॉन हेर्ट्झबेरी यांनी वाचवली. आडवा पडलेला फुगा व मारलेले अस्वल त्यांत स्पष्ट दिसते, आणि रोजनिशांतील नोंदींशी ही चित्रे ताडता येत असल्यामुळेच त्यांचे मोल मोठे आहे. मात्र मृत्यू थंडीने आला, थकव्याने आला, की अस्वलाच्या कच्च्या मांसातील कृमींमुळे, यावरचा वाद या चित्रांनी मिटला नाही.

एव्हरेस्टवरील प्रकरणात तर साधनच हाती नाही. ८ जून १९२४ रोजी शिखराकडे निघालेल्या मॅलरी व अर्विन या ब्रिटिश गिर्यारोहकांपाशी मोहिमेतील सहकारी सॉमरवेल यांनी दिलेला लहान कोडॅक कॅमेरा होता, असे मानले जाते. १ मे १९९९ रोजी मॅलरींचा देह सापडला, पण कॅमेरा मिळाला नाही. शिखरावर ठेवण्यासाठी नेलेले पत्नीचे छायाचित्रही त्यांच्या खिशात नव्हते, आणि एवढ्यावरून ते शिखरावर पोचले असे अनुमान अनेकांनी काढले. हे अनुमान मोहक असले तरी कच्चे आहे, कारण न सापडलेला कागद वाटेत पडलेला असू शकतो, किंवा मुळात बरोबर घेतलेलाच नसेल. २०२४ साली मध्य रोंगबुक हिमनदीवर अर्विनचा बूट व पाऊल मिळाले, तेव्हाही कॅमेरा मिळाला नाही. त्यामुळे दोघे शेवटचे कोठे दिसले, हा प्रश्न अजून त्यांना शेवटचे पाहणारे सहकारी ओडेल यांच्या साक्षीवरच उभा आहे, आणि ती जागा नेमकी कोणती, याविषयी खुद्द ओडेल यांनीच पुढे आपले म्हणणे बदलले होते.