पवनीच्या उतारावर

अड्याळहून एसटीनं पवनीला उतरलात की सरळ जवाहर गेट गाठा. तीन बाजूंना मातीचा तट आणि खंदक, चौथ्या बाजूला वैनगंगा, असं हे जुनं गाव. कमानीखालून आत शिरा आणि नदीचा रोख धरा. गल्ल्या घाटाकडे उतरत जातात. तुम्हीही उतरा, मात्र पावलागणिक वर्षं मागे टाकत.

आधी स्लॅबची घरं विरळ होतात. मग मोटारसायकलींचा आवाज थांबतो, विजेच्या तारा दिसेनाशा होतात आणि कवेलूंची छपरं दोन्ही बाजूंनी खाली येतात. साल १८७८. सपरीत वाकून शिरा, नाहीतर वासा कपाळात बसेल.

आत अंधार आहे. डोळे सरावले की दिसतं, घरातली सगळ्यात मोठी जागा मागानं अडवली आहे; माणसं उरलेल्या जागेत राहतात. विणकर जमिनीतल्या खड्ड्यात पाय सोडून बसलाय. पायानं पावडी दाबतो, हातानं धोटा फेकतो, फणी ओढून ठोकतो. काठाला रेशीम आहे, अंगाला इतकं बारीक सूत की त्यातून तुमच्या हाताच्या रेषा दिसतील.

“कोन गावचे जी?”

तुम्ही अड्याळ म्हणता.

“अड्यारचे का! बसा जी, पानी घ्या.”

पाणी पिता पिता भिंतीला हात लावून पाहा. माती गार आणि किंचित ओली आहे. हा गारवा या घराची भाकर आहे. खड्ड्यातला ओलावा सुताला मिळाला तर ताणा तुटत नाही; कोरड्या उन्हाळ्यात तुटत राहतो, म्हणून घरातली बाई जमिनीवर पुन्हा पुन्हा पाणी शिंपडते. दगडामातीच्या घराकडे आपण गरिबीची खूण म्हणून बघतो. इथं मात्र मातीचं घर हेच विणकराचं अवजार आहे, धोट्याइतकंच. नागपुरात १ जानेवारी १८७७ ला एम्प्रेस मिल सुरू झाली. तिचं कापड बाजारात आलंय, आणि विणकर तुम्हाला भाव विचारतो. पुढच्या शंभर वर्षांत या गल्ल्यांतल्या मागांचं काय होणार, हे तुम्हाला ठाऊक आहे. सांगू नका.

पुन्हा चालू लागा. भोसल्यांचा काळ झपाट्यानं जाऊ द्या: घोडी, वसुली, तटावरचे पहारे. त्याआधीचा गोंड राजांचा काळही ओलांडा. १२७० च्या आसपास थांबा. देवगिरीवर यादव आहेत. चक्रधरस्वामी विदर्भात फिरून गेले आहेत. भंडाऱ्याचे नीळभट्ट घरदार सोडून त्यांच्यामागे निघाले, ही याच मुलखातली गोष्ट. लीळाचरित्रात वाचलेली पटिसाळ आता तुमच्यासमोर आहे: लाकडी खांब, कुडाच्या भिंती, शेणानं सारवलेली जमीन. गुडघ्यावर बसून ती जमीन नीट बघा. कडेला पोपडा सुटलाय आणि आत सारवणाचे थर एकावर एक दिसतात. दर सणाला एक थर. घर जुनं होत जातं तशी त्याची जमीन वर चढत जाते, भिंत कोसळली की तिचीच माती पसरून त्यावर नवी भिंत उभी राहते. आपल्याकडच्या जुन्या पांढऱ्या, म्हणजे जुनी गावठाणं, अशाच उंचावल्या आहेत. नदीवरून वर येताना जो चढ पायाखाली येतो, त्यात कितीतरी घरं निजलेली आहेत.

याच शतकांत दूर इंग्लंडमध्ये, लिंकन शहरात, अशीच एक चढाची वाट आहे. तिचं नावच ‘स्टीप हिल’. बाराव्या शतकात तिच्या पायथ्याशी चुनखडीच्या दगडातलं एक घर बांधलं गेलं. खाली दुकानं, वर राहण्याचा दिवाणखाना, दाराच्या कमानीवर धुराडं. त्याला आजही ‘ज्यूंचं घर’ म्हणतात. तुम्ही तिथं जाऊन त्याच दारातून आत शिरू शकता. पण १२९० मध्ये राजा पहिल्या एडवर्डनं सगळ्या ज्यूंना देशाबाहेर घालवलं. घर उभं राहिलं, घरची माणसं परागंदा झाली. त्या दगडांचं मला मनापासून कौतुक वाटतं, तरी त्या दारासमोर फक्त शिल्पकामावर बोलून निघून जाणं मला पटत नाही.

पवनीत आणखी खाली उतरा. इसवी सनापूर्वीचं दुसरं-पहिलं शतक. जगन्नाथ टेकडीवर स्तूप उभा राहतोय. पाथरवट दगडी कठड्यावर ब्राह्मी अक्षरांत दान देणाऱ्याचं नाव कोरतो आहे. ज्यानं दान दिलं, त्यानं दगडाचा खर्च स्तूपासाठी केला; स्वतः मातीच्या घरात राहिला. नागपूर विद्यापीठ आणि भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणानं १९६९-७० मध्ये शां. भा. देव आणि जगतपती जोशी यांच्या नेतृत्वाखाली इथं उत्खनन केलं, तेव्हा हा स्तूप आणि ही नावं उजेडात आली. नावं दगडानं राखली, घरं मातीनं पोटात घेतली.

म्हणून पवनीत कुणी नव्या घराचा पाया खणत असेल तर जरा थांबा. जेसीबीनं काढलेली माती भराव म्हणून ट्रॅक्टरमध्ये भरण्याआधी खड्ड्याच्या भिंतीकडे बघा. राखेचा काळा पट्टा, सारवलेल्या जमिनीची पातळ रेघ, खापरं, मोठ्या आकाराची वीट यांपैकी काही दिसलं तर फोटो काढा, खोली मोजून लिहून ठेवा आणि नागपूरच्या पुरातत्त्व कार्यालयाला कळवा. त्याच दिवशी कळवा, कारण दुसऱ्या दिवशी तिथं काँक्रीट पडलेलं असतं.