लाल बावटा कलापथक : उदय आणि वारसा

भीमा-नीरेच्या खोऱ्यात शाहिरी आणि विद्वत्ता यांचा संबंध जुना आहे. सोलापूरचे शाहीर राम जोशी (१७६२–१८१२) तमाशा सोडून कीर्तनाकडे वळले आणि बारामतीच्या मोरोपंतांच्या आर्या त्यांनी लोकांपुढे मांडल्या. कला तीच राहिली. श्रोतृवर्ग मात्र बदलला. दीड शतकानंतर असेच स्थित्यंतर उलट दिशेने घडले.

१९४४ साली मुंबईत अण्णा भाऊ साठे, अमर शेख व द. ना. गवाणकर यांनी लाल बावटा कलापथक स्थापन केले. अण्णा भाऊ वाटेगावचे. अमर शेख बार्शीचे, मूळ नाव मेहबूब हुसेन पटेल. तमाशाच्या ठरीव घाटाला त्यांनी नवा आशय दिला. गणातील गणेशस्तवनाच्या जागी मायभूमी व श्रमिक यांना वंदन आले, गवळण गळाली आणि वगात राजाऐवजी सावकार व गिरणीमालक उभे राहिले. पुढे मुंबई सरकारने तमाशावर बंदी घातली, तेव्हा याच प्रयोगांना ‘लोकनाट्य’ ही संज्ञा लाभली. हा केवळ नावाचा पालट नव्हता. ‘लोक’ हा शब्द येथे प्रेक्षकाचा आणि कर्त्याचा, दोघांचाही वाचक होता.

संयुक्त महाराष्ट्राच्या लढ्यात (१९५६–१९६०) अमर शेखांचा पहाडी आवाज व अण्णा भाऊंची ‘माझी मैना’ ही लावणी गावोगाव पोहोचली. याच सुमारास, १९६० साली, इंग्लंडमधील लिव्हरपूल या बंदरात ‘बीटल्स’ हा तरुणांचा गायकवृंद उदयास आला. तोही श्रमिक वस्तीच्या नगरातला. परंतु त्याचे गीत ध्वनिमुद्रिकेतून जगभर गेले. कलापथकाचे गीत मात्र सभेतून कंठात आणि कंठातून पुढच्या गावी जाई. म्हणून त्याचा फारच थोडा भाग मूळ आवाजात उरला.

१८ जुलै १९६९ रोजी अण्णा भाऊ निवर्तले. त्यानंतर ४२ दिवसांनी, २९ ऑगस्ट रोजी, इंदापूरजवळ अपघातात अमर शेखांचा अंत झाला. तत्पूर्वीच, १९६५ साली, वसंत सबनीसांचे ‘विच्छा माझी पुरी करा’ हे लोकनाट्य नागर रंगभूमीवर लोकप्रिय झाले होते. संज्ञा टिकली, विनोद टिकला, वगाचा घाटही टिकला. ज्याला उद्देशून तो घाट नव्याने घडविला गेला, तो कामगार मात्र प्रेक्षागृहाबाहेर राहिला. कलापथकाच्या वारशाचे मूल्यमापन करताना हा भेद ध्यानी ठेवणे अगत्याचे आहे.