अठ्ठेचाळीस तासांचा कागद

तहसील कचेरीच्या आवारात चाकांतली हवा गेलेला डंपर उभा असतो. त्याची गोष्ट मालक एक सांगतो, चालक दुसरी, तलाठी तिसरी. कागद मात्र मोजकेच असतात: जप्ती पंचनामा, ताबा पावती, दंडाचा आदेश, चलन, बंधपत्र. हे कागद ज्या कायद्यांवर उभे आहेत ते शेजारी ठेवून वाचले की कळते, वाळूची गाडी पकडणे हा सोपा भाग. ती सोडायची कोणी, हा खरा तंटा.

या तंट्यात वारंवार पुढे येणारा निकाल मुळात वाळूचा नाहीच. गुजरातमधील काही पोलिसांवर मुद्देमालाची अदलाबदल आणि अपहार केल्याचा आरोप होता. त्या प्रकरणात १ ऑक्टोबर २००२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की जप्त वाहने ठाण्याच्या आवारात दीर्घकाळ पडू देण्यात अर्थ नाही. पंचनामा करावा, छायाचित्रे काढावीत, तारण घ्यावे आणि दंडाधिकाऱ्यांनी वाहन सोडावे. त्या वेळचे फौजदारी प्रक्रिया संहितेचे कलम ४५१ आता नागरिक सुरक्षा संहितेत ४९७ झाले आहे. सुपूर्दनाम्यावर गाडी मागणारे वकील आजही याच निकालाचा आधार घेतात.

पण महाराष्ट्रात वाळूची गाडी बहुधा आधी महसुलाच्या हाती लागते. जमीन महसूल संहिता, १९६६ च्या कलम ४८ (८) प्रमाणे जिल्हाधिकाऱ्याने प्राधिकृत केलेला, तहसीलदारापेक्षा कमी दर्जाचा नसलेला अधिकारी वाहन जप्त करू शकतो. मात्र ते ४८ तासांत जिल्हाधिकाऱ्यापुढे किंवा प्राधिकृत उपजिल्हाधिकाऱ्यापुढे हजर करावे लागते. दंड भरून घेऊन, आणि पुन्हा अशा कामाला वाहन वापरणार नाही असे वैयक्तिक बंधपत्र लिहून घेऊन, सोडण्याचा अधिकार त्यांचा. म्हणजे पकडणारा हात आणि सोडणारा हात वेगळे ठेवले आहेत. हे हेतुपुरस्सर असावे, असा माझा तर्क. दंडाचा आकडाही मर्जीवर ठेवलेला नाही. १२ जानेवारी २०१८ च्या अधिसूचनेने तो ठरवून दिला: ट्रॅक्टर-ट्रॉलीला १ लाख, डंपरला २ लाख रुपये. गौण खनिजाचा दंड याहून वेगळा, बाजारभावाच्या पटीत.

केंद्राच्या १९५७ च्या खाण कायद्याची भाषा निराळी. त्याच्या कलम २१ (४अ) नुसार वाहन सरकारजमा होते ते न्यायालयाच्या आदेशाने. मग महसुलाकडे दंड भरला तर फौजदारी प्रकरण मिटले का?

याचे उत्तर उज्जैनच्या कागदांत आहे. तिथे खाण निरीक्षकांनी भरलेले ट्रॅक्टर-ट्रॉली पकडून पोलीस ठाण्यांत ठेवले. मालकांनी तडजोडीची रक्कम भरली. वर्तमानपत्रातील बातमी वाचून दंडाधिकाऱ्यांनी स्वतःहून गुन्हे नोंदवायला सांगितले. ३ डिसेंबर २०२० रोजी सर्वोच्च न्यायालयाने निवाडा दिला: तडजोडीने खाण कायद्यातील गुन्हा संपतो, भारतीय दंड संहितेतील चोरीचा नाही. पावती हाती असूनही मालक आरोपी राहू शकतो, तो असा.

वाळू वनक्षेत्रातली निघाली की वाट आणखी बदलते. मध्य प्रदेशात चंबळच्या वाळूची ट्रॅक्टर-ट्रॉली उच्च न्यायालयाने सोडायला सांगितली होती. मार्च २०१९ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तो आदेश रद्द केला, कारण वन कायद्यातील त्या राज्याच्या दुरुस्तीप्रमाणे वन अधिकाऱ्याने सरकारजमा करण्याची कारवाई सुरू केली की दंडाधिकाऱ्याचा हात थांबतो.

म्हणून कोणतीही फाईल उघडली की आधी पाहावे ते हे: गाडी कोणत्या कायद्याखाली, कोणी आणि किती वाजता धरली. तारीख पंचनाम्यावर असतेच. ४८ तास मोजायचे तर जप्तीची वेळ हवी, आणि प्रांत कार्यालयाच्या आवक नोंदीवरचीही. त्या दोन्ही असल्या तरच मोजणी जमते.