ओरडण्याचा इतिहास



टेलिफोनवर ओरडणाऱ्या माणसाला आपण हसतो. 'इतके ओरडायचे, तर फोन कशाला? तसेच ऐकू गेले असते की!' हा विनोद आपल्या वडील पिढीत घरोघर चालत असे. परंतु तो ओरडणारा खरोखर अडाणी होता काय?

बेलला टेलिफोनचे पेटंट मिळाले १८७६ साली आणि जानेवारी १८८२ मध्ये मुंबईत एक्स्चेंज सुरू झाले. यंत्र लवकर आले खरे. पण बोलणाऱ्या दोघांच्या मध्ये एक तिसरा माणूस बसला. तो म्हणजे ऑपरेटर. हँडल फिरवावे, नंबर सांगावा आणि त्याने दोन तारा जोडून द्याव्यात. जोडणी चुकली, की डॉक्टरांऐवजी किराणा दुकानदार बोले! अमेरिकेत स्ट्रोजर नावाचा एक अंत्यविधीचा व्यावसायिक होता. आपली गिऱ्हाइके ऑपरेटर प्रतिस्पर्ध्याला जोडून देते, असा त्याला संशय आला, अशी कथा सांगतात. त्याने स्वयंचलित एक्स्चेंजच शोधून काढले. त्याचे पेटंट १८९१ चे.

परगावी बोलायचे, तर ट्रंक कॉल नोंदवून वाट पाहावी लागे. घाई असेल तर दुप्पट दराचा 'अर्जंट' आणि त्याहून महाग 'लाइटनिंग'. नाव विजेचे, येणे बैलगाडीचे! घरी कोणी अत्यवस्थ आहे आणि मुलगा पोस्टात तासन्‌तास ताटकळतो आहे, हे दृश्य मात्र विनोदाचे नव्हते. अखेर कॉल लागे. तीन मिनिटांतली दोन 'हॅलो, हॅलो' करण्यात जात.

याचे कारण तारेत होते. लांब तारेतून जाताना आवाज क्षीण होतो. तो वाटेत बळकट करणारी यंत्रे न्यूयॉर्क ते सॅन फ्रान्सिस्को मार्गावर १९१५ साली बसली. आडगावच्या तारेच्या वाट्याला ती कोठून येणार? तशात एकामागून एक एक्स्चेंज जोडत गेले, की खरखर वाढे. पावसाळ्यात कपिलधारेच्या धबधब्यापाशी उभे राहून सोबत्याशी हळू बोलून पाहा. आपोआप आवाज चढेल. त्याला कोणी अडाणीपणा म्हणत नाही.

१९६० साली कानपूर आणि लखनौ यांच्यामध्ये ऑपरेटरवाचून थेट ट्रंक कॉल सुरू झाले. पुढे गावोगाव एसटीडीची दुकाने आली आणि आज फोन खिशात आहे. तरीही पुण्याच्या नातवाशी बोलताना आजीबाई आवाज चढवतात. त्यांना हसू नका. ज्या काळी निरोप पोहोचेल याची खात्री नव्हती, त्या काळी त्या बोलायला शिकल्या आहेत.