दादीचं खुराडं ते कंपनीचं शेड

परवा नववीच्या वर्गात सहज विचारलं, "सगळ्यात स्वस्त मटण कोणतं?" मुलं एका सुरात म्हणाली, "सर, चिकन!" मला माझी दादी आठवली. तिच्या काळात आमच्या गावात कोंबडी ही चैनीची चीज होती. जावई आला किंवा घरात बाळंतीण असली, तरच कापली जायची. दादी अंगणात सात-आठ कोंबड्या पाळायची. अंड्यांचे पैसे तिच्या कमरेच्या बटव्यात जात. त्याचा हिशोब दादाही विचारत नसत.

मग कोंबडी स्वस्त कशी झाली? त्यामागे मोठा इतिहास आहे, आणि त्याचा एक धागा आपल्या पुण्यातून जातो. १९७१ मध्ये बी. व्ही. राव यांनी तिथे व्यंकटेश्वरा हॅचरीज सुरू केली. पिल्लं, खाद्य, लस हे सगळं एका साखळीत आलं. खास मांसासाठी वाढवलेली ब्रॉयलर जात पसरली. गावठी कोंबडीला खाण्याजोगी व्हायला पाच-सहा महिने लागतात. ब्रॉयलर सहा आठवड्यांत दोन किलोंच्या आसपास भरते. मका आणि सोयाबीनची पेंड हे तिचं मुख्य खाद्य. म्हणून सोयाबीन महागलं की चिकनचा भावही हलतो.

नव्वदच्या दशकात कोइम्बतूरच्या बाजूने करारपद्धत पसरली. एक दिवसाचं पिल्लू, खाद्य आणि औषध कंपनीचं. शेड, वीज, पाणी आणि मेहनत शेतकऱ्याची. माल तयार झाला की कंपनी घेऊन जाते आणि किलोमागे पालनाची मजुरी देते. बाजार पडला तर शेतकरी बऱ्याच अंशी वाचतो, हे खरं. पण कोंबडी त्याची नसते आणि भावही त्याच्या हातात नसतो. शेडसाठी काढलेलं कर्ज मात्र त्याच्याच नावावर असतं.

आकडे थक्क करणारे आहेत. २०१४-१५ मध्ये देशात सर्व प्रकारचं मिळून सुमारे ६७ लाख टन मांस तयार झालं. २०२२-२३ मध्ये सुमारे ९८ लाख टन. त्यातलं निम्म्याहून थोडं अधिक कोंबड्यांचं होतं. आपल्या राज्यात २०१५ मध्ये बैल आणि वळूंच्या कत्तलीवरही बंदी आली. तेव्हापासून आमच्या मोहल्ल्यातल्या गरीब घरांची भिस्त चिकनवर वाढली.

या वाढीला धक्केही बसले. फेब्रुवारी २००६ मध्ये नंदुरबार जिल्ह्यातल्या नवापूरला देशातला पहिला बर्ड फ्लू सापडला. लाखो कोंबड्या मारल्या गेल्या. त्यात मोठ्या शेडमधल्या होत्या, तशाच आसपासच्या आदिवासी घरांच्या अंगणातल्याही. २०२० मध्ये चिकनमुळे कोरोना होतो अशी अफवा उठली आणि पोल्ट्रीवाल्यांनी काही ठिकाणी कोंबड्या फुकट वाटल्या.

मी स्वस्त चिकनच्या विरोधात नाही. रोजंदारीवरच्या माणसाच्या मुलाला आठवड्यातून एकदा पोटभर सालन मिळतं, ही छोटी गोष्ट नाही. पण या बदलात बाईच्या बटव्याचं काय झालं, हे आकड्यांत दिसत नाही. शेडचा करार बहुतेक घरच्या पुरुषाच्या नावावर असतो. झाडलोट आणि दाणापाणी मात्र बायकाही करतात.

तरी एक आकडा दिलासा देतो. २०१९ च्या पशुगणनेत देशात ८५ कोटी कोंबड्या-बदकं मोजली गेली. त्यांतली जवळपास ३२ कोटी परसातली होती, आणि सात वर्षांत परसातली संख्या सुमारे ४६ टक्क्यांनी वाढली होती. वनराजा, गिरिराजा यांसारख्या परसासाठी तयार केलेल्या जाती अनेक राज्यांत बायकांच्या बचतगटांकडे पोचल्या आहेत. म्हणजे दादीचं खुराडं अजून मोडलेलं नाही.

वर्गातल्या मुलांना मी घरचा अभ्यास दिला आहे: घरी आजी असेल तर तिला विचारा, अंड्यांचे पैसे तिने कशावर खर्च केले. माझ्या दादीने त्यातून माझ्या वडिलांची शाळेची फी भरली होती.