दुसऱ्या रांगेतला माणूस

'शोले' पाहिला नाही असा माणूस आपल्याकडे शोधूनच काढावा लागेल. दरोडेखोरांपासून गाव वाचवण्यासाठी लढवय्ये भाड्याने आणायचे, ही त्या कथेमागची कल्पना जिथून आली असे अभ्यासक सांगतात, तो चित्रपट म्हणजे अकिरा कुरोसावा यांचा १९५४ सालचा 'सेव्हन सामुराय'. तो ज्यांनी पाहिला आहे, त्यांना बहुधा तोशिरो मिफुने आठवतो. उड्या मारणारा, ओरडणारा, चिखलात लोळणारा. पण त्या सात जणांना एकत्र आणणारा, बेत आखणारा आणि विचारात पडला की तुळतुळीत डोक्यावरून हात फिरवणारा तो प्रौढ म्होरक्या आठवतो का? चेहरा आठवतो, नाव ओठांवर येत नाही. त्या नटाचे नाव ताकाशी शिमुरा. आज त्याच्याविषयी थोडे बोलायचे आहे.

ज्याला आपण चरित्र अभिनेता म्हणतो, तशा नटांपैकी शिमुरा एक. १९३४ पासून पुढे जवळजवळ अर्धे शतक तो पडद्यावर होता आणि दोनशेहून अधिक चित्रपटांत त्याने काम केले. डॉक्टर, पोलीस, प्राध्यापक, व्यापारी, सरदार, लाकूडतोड्या, कुणाचा तरी बाप. नायक मात्र क्वचितच.

त्याचा जन्म १२ मार्च १९०५ रोजी ह्योगो प्रांतातल्या इकुनो या चांदीच्या खाणीच्या गावी झाला. घराणे सामुराईंचे. जपानमधली जुनी सामंती राजवट कोसळली त्या १८६८ सालच्या तोबा-फुशिमीच्या लढाईत त्याचे आजोबा होते. वडील मात्र खाणीच्या कंपनीत नोकरीला. तलवारीकडून नोकरीकडे गेलेल्या घरातला हा मुलगा ओसाकाच्या कान्साय विद्यापीठात इंग्रजी साहित्य शिकू लागला. वडील निवृत्त झाल्यावर पैशांची ओढाताण सुरू झाली. दिवसा शहराच्या पाणीपुरवठा खात्यात नोकरी आणि संध्याकाळी वर्ग, असा क्रम सुरू झाला. त्यातच नाटकाचे वेड लागले. तालमींपायी कचेरीत दांड्या पडू लागल्या आणि अखेर नोकरी गेली. ही गोष्ट लक्षात ठेवा, पुढे तिचा संदर्भ येणार आहे.

नाटकाने पोट भरेना, तेव्हा तो क्योतोच्या चित्रपटसृष्टीत शिरला. पहिला चित्रपट मूकपट होता. केंजी मिझोगुची यांच्या १९३६ सालच्या 'ओसाका एलेजी'मध्ये तो पोलीस अधिकारी झाला. पुढे निक्कात्सु कंपनीत पाच वर्षांत शंभराच्या आसपास चित्रपट केले. त्यांतला 'सिंगिंग लव्हबर्ड्स' हा १९३९ सालचा संगीतपट आजही आवडीने पाहिला जातो. त्यात गंभीर चेहऱ्याचा हा माणूस चक्क गातो, आणि उत्तम गातो.

पण तो काळ गाण्याचा नव्हता. जपान युद्धात उतरला होता आणि डाव्या विचारांच्या माणसांवर तोक्को या खास पोलिसांची करडी नजर होती. पूर्वी डाव्या नाट्यमंडळींत वावरल्याबद्दल शिमुराला पकडण्यात आले. सुमारे तीन आठवड्यांनी, पत्नी मासाको आणि रियुनोसुके त्सुकिगाता हा सहकारी नट जामीन राहिल्यावर सुटका झाली. युद्ध संपल्यावर १९४६ मध्ये कुरोसावांनी 'नो रिग्रेट्स फॉर अवर यूथ' काढला. त्यात शिमुराच्या वाट्याला कोणती भूमिका आली असेल? तोक्कोच्या अधिकाऱ्याची! समोर बसलेल्या तरुणीला शांतपणे, हसतहसत छळणारा तो अधिकारी पाहताना वाटते की या नटाने हे सगळे टेबलाच्या पलीकडे बसून पाहिलेले आहे.

कुरोसावांच्या तीस चित्रपटांपैकी एकवीस चित्रपटांत शिमुरा आहे. मिफुने आहे सोळांत. मिफुनेचा पहिला चित्रपट १९४७ सालचा 'स्नो ट्रेल'. त्यातही शिमुरा सोबतीला होताच. पुढच्या वर्षी 'ड्रंकन एंजल' आला. क्षयाने पोखरलेला गुंड मिफुने आणि त्याच्यावर खेकसत उपचार करणारा दारुडा डॉक्टर शिमुरा. लोकांनी डोक्यावर घेतले ते मिफुनेला, आणि ते योग्यही होते. पण मिफुनेचा तो संताप उठून दिसतो, कारण समोर कुणीतरी पाय रोवून उभा आहे. भिंत असल्याशिवाय चेंडू उसळत नाही.

१९५० सालच्या 'राशोमोन'मध्ये तो लाकूडतोड्या आहे. सगळेच खोटे बोलतात, हा सुद्धा. खंजीर चोरल्याचे त्याने लपवलेले असते. पण शेवटी टाकून दिलेले तान्हे मूल तोच घरी नेतो. घरी आधीच सहा मुले आहेत, त्यात सातवे. माणसावरचा विश्वास परत मिळवून देण्याचे काम दिग्दर्शकाने मिफुनेकडे दिले नाही, या ओशाळलेल्या माणसाकडे दिले. या चित्रपटाला १९५१ मध्ये व्हेनिसचा सर्वोच्च पुरस्कार मिळाला आणि जगाला जपानी सिनेमाची ओळख झाली.

आणि १९५२ मध्ये 'इकिरू', म्हणजे 'जगणे'. इथे शिमुरा नायक आहे. वातानाबे हा नगरपालिकेतला विभागप्रमुख, तीस वर्षांत एक दिवस रजा न घेतलेला, फायलींवर शिक्के मारत बसलेला. पोटाचा कर्करोग झाल्याचे कळते आणि आपण जगलोच नाही हे त्याच्या ध्यानात येते. उरलेल्या महिन्यांत तो एकच काम करतो. सांडपाणी साचलेल्या जागी मुलांसाठी बाग व्हावी म्हणून प्रत्येक टेबलासमोर वाकतो, थांबतो, पुन्हा वाकतो. बाग होते. बर्फ पडत असताना झोपाळ्यावर बसून तो हळू आवाजात जुने गाणे म्हणतो. दांड्या मारून पालिकेची नोकरी घालवलेला माणूस सत्तेचाळिसाव्या वर्षी कधीच दांडी न मारलेला कारकून रंगवतो, यातली गंमत आता ध्यानात आली असेल. नोकरी गेली नसती, तर कदाचित तोच वातानाबे झाला असता. २०२२ मध्ये 'लिव्हिंग' या नावाने हीच कथा इंग्रजीत आली, पण झोपाळ्यावरचा तो पाठमोडा म्हातारा म्हटला की आजही शिमुराच दिसतो.

दोन वर्षांनी, १९५४ मध्ये, एकाच वर्षात 'सेव्हन सामुराय' आणि 'गोजिरा' आले. त्या वर्षी मार्चमध्ये अमेरिकेच्या हायड्रोजन बाँबच्या चाचणीची राख एका जपानी मासेमारी नौकेवर पडली होती. नोव्हेंबरमध्ये पडद्यावर गोजिरा अवतरला. त्याला मारायला सगळे टपलेले असताना शिमुराचा वृद्ध शास्त्रज्ञ एकटा खिन्न आहे. चाचण्या थांबल्या नाहीत तर असा आणखी एखादा येईल, हा इशारा शेवटी तोच देतो. रबरी पोशाखातल्या राक्षसाची गोष्ट पोरखेळ वाटत नाही, त्याचे मोठे श्रेय त्या चेहऱ्याला आहे.

पुढे भूमिका लहान होत गेल्या, पण काम थांबले नाही. चित्रपट होते, दूरचित्रवाणीवरच्या मालिका होत्या. योजी यामादा यांच्या लोकप्रिय तोरासान मालिकेतल्या १९६९ सालच्या पहिल्याच चित्रपटात मुलापासून दुरावलेला बाप त्याच्या लग्नाला येतो. गप्प बसून राहतो. शेवटी उठून चार शब्द बोलतो आणि बाप म्हणून आपण कमी पडलो, हे सर्वांसमोर कबूल करतो. विनोदी चित्रपट, पण त्या क्षणी डोळे भरून येतात.

१९६५ नंतर पंधरा वर्षे कुरोसावांच्या चित्रपटात शिमुरा नव्हता. १९८० मध्ये 'कागेमुशा' आला, तेव्हा दिग्दर्शकाने या जुन्या सोबत्यासाठी मुद्दाम एक छोटी भूमिका लिहिली. परदेशी वितरणासाठी चित्रपटाला कात्री लागली आणि नेमका तोच प्रसंग गेला. बाहेरच्या जगाला तो पुढे पूर्ण आवृत्ती निघाल्यावरच दिसला. ११ फेब्रुवारी १९८२ रोजी, वयाच्या शहात्तराव्या वर्षी, शिमुरा गेला.

दुसऱ्या रांगेतल्या नटाच्या नशिबी हे असतेच. कात्री आधी त्याच्यावर चालते. पण तो नसेल तर काय उरते, हे एकदा पाहावे. 'सेव्हन सामुराय'च्या अखेरीस तोच म्होरक्या मित्रांच्या थडग्यांकडे पाहत म्हणतो की जिंकले ते शेतकरी, आपण नव्हे. खाली शेतात भातलावणीची गाणी चाललेली असतात. पुन्हा कधी तो चित्रपट पाहाल, तेव्हा मिफुनेला जरूर पाहा. पण मधूनमधून नजर त्याच्या शेजारी उभ्या असलेल्या माणसाकडेही जाऊ द्या.

(नभोवाणीवरील भाषणाचे संपादित रूप)