मुंबापुरीचे पाणी

समुद्राने वेढलेल्या या नगरीस पिण्याच्या पाण्याचा मात्र प्रारंभापासून तोटाच होता. एकोणिसाव्या शतकाच्या मध्यापर्यंत विहिरी व तलाव यांवरच नागरिकांची भिस्त असे. धोबी तलाव, गवालिया तलाव ही स्थळनामे त्या काळाची साक्ष देतात. विहीर खोदणे हे पुण्यकृत्य मानून धनिक मंडळी त्यासाठी द्रव्य वेचीत. पाणी हा दानधर्माचा विषय होता, नगरशासनाचा नव्हे.

वस्ती वाढली तशी ही व्यवस्था कोलमडली. तेव्हा हेन्री कॉनिबेअर या अभियंत्याच्या योजनेनुसार साष्टी बेटात विहार येथे मिठी नदी अडविण्यात आली आणि १८६० साली नळाचे पाणी शहरात आले. त्याचे प्रमाण दिवसाला सुमारे ३ कोटी लिटर होते. पुढच्याच वर्षी अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, मुंबईच्या कापसास सोन्याचा भाव आला आणि १८६४ च्या शिरगणतीत लोकसंख्या ८ लक्षांवर गेली. विहारचे पाणी अपुरे पडू लागले.

येथून एकच क्रम पुनःपुन्हा आढळतो. पाणी आले म्हणून गिरण्या व वस्ती वाढली. ती वाढली म्हणून पाणी पुरेना. १८७९ मध्ये तुळशी, १८९२ मध्ये तानसा, १९५७ मध्ये वैतरणेवरील मोडकसागर, पुढे ऊर्ध्व वैतरणा व भातसा, आणि २०१४ मध्ये मध्य वैतरणा. प्रत्येक नवे धरण तहान भागवी आणि नव्या तहानेस जन्मही देई. २०११ च्या जनगणनेत बृहन्मुंबईची लोकसंख्या १ कोटी २४ लक्ष भरली. म्हणजे १८६४ च्या सुमारे १५ पट. पाण्याचा पुरवठा मात्र विहारच्या शंभर पटींहून अधिक, दिवसाला सुमारे ३८५ कोटी लिटर झाला आहे. केवळ माणसे वाढली नाहीत. माणशी गरजही वाढली.

या वैभवाची दुसरी बाजू शहापूर तालुक्यात दिसते. तानसा व भातसा हे जलाशय त्याच भूमीत आहेत. तेथून जाड नळ मुंबईकडे धावतात. आणि उन्हाळ्यात त्याच तालुक्यातील कित्येक पाडे टँकरची वाट पाहत असतात. पूर्वीचा धनिक विहीर खोदी ती आपल्याच मोहल्ल्यात. तिचे पाणी आटले तर ते त्यास दिसे. नळाने पाणी घरात आणले, पण त्याचे मूळ दृष्टीआड केले. तोटी उघडणाऱ्या हातास त्या मूळ गावाचे ऋण ठाऊक असणे, हाच काटकसरीचा पहिला धडा होय.